सुआखोहची माती

माझ्या भावाला तुम्ही मारलंत असं मी म्हणत नाही. ते कोर्टात म्हणावं लागतं, आणि कोर्टात म्हणायला आमच्यासारख्यांचा जन्म पुरत नाही. मी एवढंच म्हणतो की तुम्ही त्याची जागा चोरलीत. तो जिथं पडला ती जागा. ती तुम्ही पुसलीत, तिच्यावर काच बसवलीत आणि आता तिकीट लावून लोकांना तिच्यावरून चालवता.

तुम्ही म्हणजे कोण ते तुम्हाला माहीत आहे. सुआखोहच्या फाटकाशी जी कोनशिला आहे, तिच्यावर तुमचं नाव आहे. मी ते इथं लिहीत नाही. माझ्या भावाचं नाव तुम्ही कुठं लिहिलंत?

त्याचं नाव युवराज. ग्वाल्हेरच्या माधवगंजात आमचं घर, टोपी बाजारात माझं बॅगा आणि चेनी दुरुस्त करायचं दुकान. युवराज माझ्याहून लहान. आयटीआय केलं, वेल्डिंग शिकला, मग दोरावर लटकून काम करायला शिकला. ग्वाल्हेरहून दीड-दोन तासांवर ती खोह आहे. खोह म्हणजे दरी, सुआ म्हणजे पोपट. लाल दगडाचा उभा कडा आणि त्याच्या भोकाभोकांत पोपट. त्या कड्याला तुम्हाला लोखंडी वाट चिकटवायची होती, म्हणजे शहरातल्या लोकांना खाली बघून किंचाळता येईल. वाट आपोआप चिकटत नाही. कुणीतरी वरून दोर सोडून खाली उतरतो, पाय दगडाला लावतो आणि छातीशी ड्रिल धरून भोकं पाडतो. असे जे होते त्यांतला एक माझा भाऊ.

त्याला ते काम आवडायचं, हे पण लिहून ठेवतो. दुपारी तिथूनच आईला व्हिडिओ लावायचा.

"आई, बघ तुझ्या पोराची गॅलरी."

"आधी डबा खाल्लास का ते सांग."

"खाल्ला. पोपटांनी पण खाल्ला. ते म्हणतात मिर्ची कम है."

आई हसायची आणि लगेच डोळे मिटायची, कारण फोन हलला की खालची दरी दिसायची. त्याच्या डोक्यामागं दगडावर एक पांढरा ओघळ असायचा, पातेल्यातून दूध उतू जावं तसा. आई म्हणायची, तो ओघळ दिसला की पोरगा आपल्या जागेवर आहे.

चैत्रात एका दुपारी फोन आला. मी दवाखान्यात पोचलो तेव्हा त्याला धुऊन, गुंडाळून ठेवलेलं होतं. कमरेचा पट्टा नव्हता, हेल्मेट नव्हतं, बूट नव्हते. तुमच्या कंपनीची जीप त्याला घरी घेऊन आली. दोन माणसं बरोबर होती, बुटांवर लाल धूळ. गल्लीत उतरली आणि मान खाली घालून उभी राहिली.

दुसऱ्या कुठल्याही घरात पहिला प्रश्न हाच झाला असता, कुठून पडला, कसा पडला. आमच्या घरात झाला नाही. आई मोकळ्या केसांनी बाहेर आली आणि सरळ त्या दोघांकडं गेली. तिचं तोंड उघडलेलं होतं. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, तिचं मनगट धरलं.

"तेराव्याला," ते म्हणाले.

हे काय आहे ते सांगावं लागेल, कारण याच्यामुळंच तुमचं फावलं.

आमचे लोक दक्षिणेतून शिंद्यांच्या फौजेत आले. पिढ्यान्‌पिढ्या पुरुष घरात मेले नाहीत, कुठंतरी जाऊन पडले. देवघरात त्यांचे चांदीचे टाक आहेत, म्हणजे पातळ पत्र्यावर ठोकलेल्या प्रतिमा. प्रत्येकाच्या खाली चिमूटभर माती आहे, तो जिथं पडला तिथली. त्यांना नावानं नाही, जागेनं हाक मारतात. महाराजपूरचे आजोबा. बसऱ्याचे आजोबा. आबांचे थोरले भाऊ संग्रामसिंह, ते छांबचे काका. रोज पूजेत आई एकेकाला जागेसकट हाक मारते आणि फूल ठेवते.

आणि नियम असा की सुतकात त्या जागेचं नाव काढायचं नाही. काढलं तर जीव तिकडं परत ओढला जातो आणि तिथंच अडकतो. तोपर्यंत विचारायचं नाही, ऐकायचं नाही. तेराव्याला घरातला मोठा पुरुष दाराच्या पायरीवर उभा राहतो आणि सगळ्यांसमोर मोठ्यानं विचारतो, कुठं पडला? ज्यानं प्रेत किंवा खबर आणली त्यानं उत्तर द्यायचं. मग माती आणायची, टाक बसवायचा, जीव घरात घ्यायचा. छांबच्या काकांच्या वेळी एक सरदारजी हवालदार आगगाडीनं आला होता. तंबाखूच्या डबीत माती घेऊन. पायरीसमोर उभा राहून त्यानं पंजाबीत सगळं सांगितलं. कुणाला अर्धंही कळलं नाही, पण उत्तर मिळालं होतं. आबा तेव्हा लहान होते. त्या हवालदाराची गोष्ट ते आजही सांगतात. म्हणजे, सांगायचे.

जीपमधल्या त्या दोघांना आबांनी हात जोडून बजावलं, "तेरहवीं पर आना बेटा. आना ज़रूर. आप ही को बताना है." दोघांनी मान डोलावली.

आणि आम्ही गप्प बसलो. पोलिसांत गेलो नाही, साइटवर गेलो नाही, फोन केला नाही. आई रोज विचारायची, "आज जाऊन या ना कुणीतरी," आणि आबा म्हणायचे, "सुलोचना, पोरगा अडकेल." तिकडं तुम्ही काय करत होतात? काम करत होतात. तुम्हाला वाटलं असेल, काय शहाणी माणसं आहेत, आवाज नाही, मोर्चा नाही. तुम्ही दोर बदललेत, कडा धुतलात, काच बसवलीत, आणि दोरावरची सगळी पोरं त्यांच्या त्यांच्या गावी परत पाठवलीत.

तेराव्याला सगळी गल्ली जमली. आबा डोक्यावर पगडी घालून पायरीवर उभे राहिले. बँकेत दुनळी बंदूक घेऊन दारावर उभं राहण्यात त्यांची नोकरी गेली, उभं राहायची सवय होती. त्यांनी विचारलं,

"कुठं पडला?"

समोर पाहुणे होते, शेजारी होते, हलवाई होता. तुमची माणसं नव्हती. शेजारच्या उषाताईंच्या कुकरची शिट्टी झाली. आबांनी पुन्हा विचारलं. मग तिसऱ्यांदा. कुणीतरी आबांना म्हणालं, जगदेवराव, आता चला आत. ते बराच वेळ आत आले नाहीत.

दुसऱ्या दिवशी मी आणि आबा तुमच्या ऑफिसात गेलो. एसी चालू होता. टेबलामागच्या माणसानं आम्हाला पाणी दिलं आणि सांगितलं की युवराज त्या दिवशी दुपारीच काम सोडून निघाला होता. घाटाच्या रस्त्यावर मोटरसायकलवरून पडला. साइटवर काहीच झालं नाही. साइटवर आजपर्यंत कधीच काही झालं नाही.

मी म्हणालो, "साहेब, त्याची मोटरसायकल घरी उभी आहे. तो तुमच्याच गाडीनं यायचा-जायचा."

"तो किसी और की रही होगी."

"किसकी?"

"भाई साहब, आप पहले दिन क्यों नहीं आए? इतने दिन बाद आकर पूछ रहे हैं."

आबांनी नियम समजावायला सुरुवात केली. सुतक, पायरी, टाक. तो माणूस ऐकत होता आणि मध्येमध्ये फोन बघत होता. मी आबांना दंडाला धरून बाहेर आणलं. पोलिसांनीही तेच विचारलं, इतने दिन क्या कर रहे थे. बरोबर आहे त्यांचं. इतके दिवस आम्ही पोराचा जीव अडकू नये म्हणून तोंड शिवून बसलो होतो.

टाक मात्र घडवून झाला होता. सराफ्यातल्या सोनारानं विचारलं होतं, "हाती तलवार करू ना, नेहमीसारखी?" आई म्हणाली होती, "दोर करा." घोडा नाही, ढाल नाही. हातात दोर धरलेला माणूस. लाल फडक्यात गुंडाळून आबा तो खिशात ठेवायला लागले. मातीशिवाय तो देवघरात ठेवता येत नाही.

दिवाळीनंतर तुमची वाट सुरू झाली. पेपरात पानभर जाहिरात. एका दिवसाची सहल, गाइडसकट, नाश्ता-जेवणासकट, शहरातल्या बाड्याच्या चौकातून बस. वाटेवर दुसऱ्या कुणी जायचं नाही, सहलीबरोबरच जायचं. फाटकावरून आम्हाला आधी दोनदा हाकलून दिलेलं होतं. मग मी तीन तिकिटं काढली. आबा, आई, मी. माझा भाऊ जिथं मेला ते बघायला आम्ही पर्यटक झालो.

बसमध्ये दाल बाजारातली एक मोठी मंडळी होती, बायकापोरांसकट. कचोरीचा वास, गाणी. गाइड गरिमा नावाची मुलगी, कानाला माइक लावलेला, पाठ केलेलं बोलत होती. आमच्याशी गोड वागली. आईला खिडकीची जागा दिली. "आंटी, ऊँचाई से डर तो नहीं लगता?" आई म्हणाली, "नाही गं. आता नाही."

फाटकाशी बॅगा तपासल्या. आबांच्या खिशातून लाल फडकं निघालं आणि पितळेची रिकामी डबी निघाली.

"ये क्या है?"

"देव आहे," आबा मराठीत म्हणाले. मग, "भगवान हैं."

"और डिब्बी?"

"भगवान की है."

त्यानं जाऊ दिलं. भगवान म्हटल्यावर कोण अडवतो. फाटकाच्या आत फलक होता, पत्थर, मिट्टी, पौधे ले जाना मना है, सिर्फ़ यादें ले जाइए. आईनं तो वाचला आणि माझ्याकडं बघितलं. तिनं डोळ्यांनी काय विचारलं ते मला कळलं, आणि मी दुसरीकडं बघितलं.

वाट चांगली बांधलीत. खोटं कशाला बोलू. कड्याला घट्ट धरून चालली आहे, कठडे मजबूत, कुठं हलत नाही. मी चालताना एकेका बोल्टाकडं बघत होतो. यातला कुठला त्यानं मारला असेल. सगळे बोल्ट सारखेच दिसतात, वरून रंग दिलाय. आई कठड्याला हात लावत दगडाकडं तोंड करून चालत होती. दरीकडं तिनं पाहिलंच नाही. एकदम थांबली.

"हाच तो."

दगडावर पांढरा ओघळ होता. दूध उतू गेल्यासारखा. तिनं कठड्यातून हात घालून दगडावर तळवा टेकवला. आबांनी घाईनं खिशातून डबी काढली. मी खाली वाकून बघितलं, माती कुठं आहे, धूळ तरी. पायाखाली लोखंडी जाळी आणि जाळीखाली आभाळ. मागून लोक म्हणत होते, आगे बढ़िए अंकल.

मी नखानं दगड खरवडणार, तेवढ्यात मला पुढचा ओघळ दिसला. जरा पलीकडं. तसाच. त्याच्यापुढं आणखी एक. वर बघितलं. जिथं जिथं पोपटांची भोकं, तिथं तिथं खाली पांढरा ओघळ. आख्ख्या कड्यावर पोपटांची घाण वाहिलेली होती, या टोकापासून त्या टोकापर्यंत. आईनं पण ते बघितलं. तिनं तळवा काढून घेतला, पदराला पुसला आणि चालायला लागली.

पुढं काचेचा भाग आला. सगळ्यांना बुटांवर कापडी पिशव्या चढवायला दिल्या. बायका किंचाळत होत्या, पोरं उड्या मारत होती. गरिमानं माइकवर पाठ केलेलं वाक्य म्हटलं,

"घबराइए मत. यहाँ से आज तक कोई नहीं गिरा. ये मेरी गारंटी है."

आबांनी हात वर केला. शाळेतल्या पोरानं करावा तसा.

"बेटा, एक गिरा है."

दाल बाजारचा एक गृहस्थ हसत म्हणाला, "अंकलजी, क्यों डरा रहे हो, हमारी मैडम वैसे ही काँप रही हैं. गिरीं तो दुकान कौन सँभालेगा." लोक हसले.

"नहीं अंकल," गरिमा म्हणाली, "ऐसा कुछ नहीं हुआ यहाँ."

"मेरा लड़का था," आबा म्हणाले.

तो दुकानदार हसायचा थांबला. बायकोला हाताला धरून पुढं घेऊन गेला. बाकीचेही निघाले, आमच्याकडं न बघता, जसे लोक रस्त्यात मयत दिसली की निघतात. गरिमानं माइक बंद केला.

"अंकल, मैं तो सावन में लगी हूँ. जो बोलने को दिया है, वही बोलती हूँ. सच में मुझे नहीं मालूम."

"किसको मालूम है?"

तिनं बिचारीनं प्रयत्न केला. टोकाच्या गार्डला विचारलं. तो म्हणाला, सुना है उधर मोड़ के आगे. कॅन्टीनवाला म्हणाला, नहीं, शीशे के ठीक नीचे. दोघं आपसात वाद घालायला लागले, आणि आबा एकदा वळणाकडं जात होते, एकदा काचेकडं. लाल फडकं त्यांनी उघडून हातात धरलेलं होतं. टाकावर ऊन चमकत होतं. मग वॉकी-टॉकीवाला सुपरवायझर आला. त्यानं आधी गार्डकडं बघितलं, मग कॅन्टीनवाल्याकडं. दोघांचाही आवाज तिथंच बंद झाला.

"यहाँ कुछ नहीं हुआ," तो म्हणाला. "रोड पर हुआ था. किसी ने कुछ नहीं देखा."

"रोड पर कहाँ?" मी विचारलं.

"रोड पर."

गार्डनं मान हलवली, रोड पर. कॅन्टीनवाल्यानं पण हलवली. मी कॅन्टीनवाल्याला म्हणालो, "अभी तो तूने कहा शीशे के नीचे." तो म्हणाला, "भैया, नौकरी है." एवढं एक वाक्य त्या दिवशी तिथं खरं बोललं गेलं.

परतताना फाटकाआधी एक बाग आहे. फुलझाडांचे गोल वाफे, मध्ये पोपटाचा सिमेंटचा पुतळा. बाकीचे जेवायला गेले. आई एका वाफ्याशी खाली बसली आणि तिनं मूठभर माती उचलली.

"डबी आणा."

आबा हलले नाहीत. "ही इथली नाही. इथला दगड लाल आहे. ही काळी आहे. ट्रकनं आणलेली आहे ही."

"असू दे."

"सुलोचना, दुसरीकडची माती आहे ही. हिच्यावर पोराला बसवू? रोज कुठल्या नावानं हाक मारणार?"

"सुआखोहचा म्हणीन. शेजारी पण तेच म्हणतात."

"खोह केवढी आहे बघितलीस ना आत्ता. अंदाजानं हाक मारतात का माणसाला? आणि रस्त्यावर पडला असेल तर?"

"रस्त्यावर पडला नाही तो."

"मला माहीत आहे. कुणी सांगितलेलं नाही ना पण. सांगायला पाहिजे कुणीतरी."

आई मूठ धरून बसली होती. बोटांच्या फटींतून काळी माती सांडत होती. "कोण सांगणार आहे? सांगणारे होते. दारात उभे होते, बुटाला धूळ होती त्यांच्या. मी विचारायला गेले होते." तिनं आबांकडं बघितलं नाही. "माझा हात धरलात तुम्ही."

त्यांच्या लग्नाला इतकी वर्षं झाली, मी तिला आबांना असं काही बोलताना ऐकलं नव्हतं.  आबांनी टाक फडक्यात गुंडाळला. गाठ मारायला त्यांना वेळ लागला. मी मदतीला पुढं झालो तर त्यांनी मला बाजूला केलं. आईनं मूठ उघडून माती वाफ्यात परत टाकली आणि हात झटकले.

जेवलो नाही. बसमध्ये सगळ्यांना आठवण म्हणून फोटो वाटले, काचेवर उभे असलेल्या सगळ्या मंडळींचा. त्यात आम्ही तिघं एका कडेला आहोत. आबांचा हात वर आहे. गरिमानं आमचा फोटो देताना हळूच म्हटलं, "अंकल, मैं अब वो गारंटी वाली लाइन नहीं बोलूँगी." पुढच्या आठवड्यात माझ्या दुकानात एक गिऱ्हाईक आलं, तिथं जाऊन आलेलं. मी विचारलं, गाइड कोण होती? म्हणाला, कुणी लड़का था. गारंटी देत होता.

त्याला आता महिने झाले. आबा कुणाशी बोलत नाहीत. टाक त्यांच्या खिशात असतो, शर्ट बदलला की त्या खिशातून या खिशात. रात्री उशाखाली. देवघरात नाही, बाहेर नाही. आई रोज पूजा करते. महाराजपूरचे आजोबा. बसऱ्याचे आजोबा. छांबचे काका. मग एक फूल तिच्या हातात उरतं. ते धरून ती बसते, आणि दुधाचं पातेलं उतू जायला लागलं की उठते.

मला माहीत आहे यातून काही होणार नाही. हे कुणी छापलं तरी तुम्ही वाचणार नाही, वाचलंत तर तुमचा कुणीतरी मला फोन करेल आणि दुकानाचा परवाना विचारेल. विचारा. टोपी बाजारात कुणालाही विचारलंत तर माझं दुकान दाखवतील, माझी जागा सगळ्यांना माहीत आहे.

पण प्रेत तुमच्या गाडीनं आणलं होतं. आमच्यात प्रेत आणणाऱ्याला उत्तर द्यावं लागतं. आबा आता पायरीवर उभे राहू शकत नाहीत. तेरावा दिवस जाऊन किती काळ झाला याची मला पर्वा नाही, तो दिवस तुम्ही संपू दिलेला नाही. त्यांच्या जागी मी उभा आहे. नाव मोठ्यानं घेऊन विचारतो, गल्लीला ऐकू जाईल असं.

युवराज कुठं पडला?